नवा खेळ, जुनी नोंद : पुनरारंभाच्या स्वरूपाविषयी

१

कॅनॉट प्लेसपासून निघून इंडिया गेटच्या दिशेने जाणारा रस्ता आज कस्तुरबा गांधी मार्ग या नावाने ओळखला जातो. ब्रिटिश राजवटीत त्याचे नाव कर्झन रोड असे होते. २०१३ साली याच मार्गावर नवे महाराष्ट्र सदन सुरू झाल्यापासून दिल्लीत येणाऱ्या मराठी माणसाच्या तोंडी आजचे नाव अधिकच रुळले आहे. तथापि जुन्या पिढीतील एखादा दिल्लीकर पत्ता सांगताना अजूनही ‘कर्झन रोड’ असे बोलून जातो. रस्त्याच्या पाटीवर एका वेळी एकच नाव मावते. नवे लिहायचे तर जुने पुसावे लागते. पुसलेले नाव मग ज्यांच्या बोलण्यात ते आधीच जाऊन पोचले होते त्यांच्यापाशी उरते.

प्रस्तुत लेखाचा विषय हा रस्ता नसला, तरी या मार्गावरील मुक्कामात घडलेला एक घरगुती प्रसंग लेखाचे निमित्त ठरला आहे. गेल्या हिवाळ्यात लेखिकेची मुलगी आणि आठ वर्षांची नात सुट्टीसाठी परदेशातून दिल्लीत आल्या होत्या. सामान लावताना मुलीच्या बालपणीचा एक हातातला व्हिडिओ खेळ सापडला. १९९९ साली न्यू जर्सीतील नातेवाइकांनी तिला भेट दिलेला तो ‘गेम बॉय कलर’ होता आणि त्यात ‘पोकेमॉन रेड’ या खेळाची लाल कॅसेट तशीच खोचलेली होती. कोपऱ्यावरच्या दुकानातून दोन पेन्सिल सेल आणून घातले तेव्हा पडदा उजळला. त्यावर दोन पर्याय दिसले. पहिल्याचा अर्थ ‘पुढे चालू’ आणि दुसऱ्याचा ‘नवा खेळ’. मुलगी तेव्हा कामानिमित्त दोन दिवस बंगळूरला गेली होती. नातीला अर्थातच नवा खेळ हवा होता. लेखिकेचे लक्ष मात्र पहिल्या पर्यायाकडे लागून राहिले, कारण पंचवीस वर्षांनंतरही मुलीचा खेळ तेथे जिवंत होता.

जुन्या खेळात नव्याने आरंभ करणे म्हणजे नेमके काय? ते पुनर्वाचन आहे, पुनर्लेखन आहे, की या दोहोंहून वेगळी अशी एखादी क्रिया आहे? तौलनिक साहित्याच्या अभ्यासकाला हा प्रश्न वरवर पाहता किरकोळ वाटेल. परंतु संहिता आणि तिचा वाचक यांच्या संबंधाविषयी आपण जे गृहीत धरून चालतो, ते या लहानशा यंत्रापुढे तपासून पाहण्याजोगे ठरते, असे लेखिकेला वाटते.

२

प्रथम यंत्राची रचना समजून घेणे आवश्यक आहे. निन्टेन्डो या जपानी कंपनीचा ‘गेम बॉय’ एप्रिल १९८९ मध्ये जपानमध्ये आला; गुनपेई योकोई यांच्या गटाने तो घडवला होता. त्याचा पडदा आडवा १६० आणि उभा १४४ ठिपक्यांचा. १९९८ मध्ये आलेल्या रंगीत आवृत्तीतही हीच मोजमापे कायम राहिली. ‘पोकेमॉन’ हा खेळ सातोशी ताजिरी यांच्या कल्पनेतून उतरला व फेब्रुवारी १९९६ मध्ये जपानमध्ये प्रसिद्ध झाला. ‘रेड’ आणि ‘ब्लू’ या इंग्रजी आवृत्त्या सप्टेंबर १९९८ मध्ये अमेरिकेत आल्या. लहानपणी किडे पकडून गोळा करण्याचा ताजिरी यांना छंद होता, त्याचेच हे रूपांतर. खेळणारा मुलगा आपल्या गावातून बाहेर पडतो, १५१ प्रकारचे प्राणी शोधतो, पाळतो, झुंजवतो आणि एकेका नगरीतील प्रमुखाला हरवून एकूण आठ बिल्ले मिळवतो.

स्मृतीच्या दृष्टीने पाहता या काळातील हातातल्या खेळांचे तीन वर्ग पडतात. पहिला वर्ग स्मृतिहीन खेळांचा. १९९० च्या दशकात आपल्याकडे जत्रेपासून स्टेशनबाहेरच्या फेरीवाल्यापर्यंत सर्वत्र मिळणारा ‘ब्रिक गेम’ अनेकांना आठवत असेल. वरून पडणाऱ्या विटांची रांग लागली नाही की खेळ संपला, पुन्हा पहिल्यापासून. गेम बॉयबरोबर अमेरिकेत दिला गेलेला ‘टेट्रिस’ही यंत्र बंद करताच आपले सर्वोच्च गुण विसरत असे. येथे पुनरारंभ हा नियम आहे, निवड नव्हे. दुसरा वर्ग बहुस्मृती खेळांचा. १९९३ सालच्या ‘लिंक्स अवेकनिंग’मध्ये तीन स्वतंत्र नोंदींची सोय होती, त्यामुळे घरातील तीन भावंडे एकाच कॅसेटवर आपापली कथा राखू शकत. तिसरा वर्ग एकस्मृती खेळांचा, आणि ‘पोकेमॉन रेड’ हा त्याचा ठळक नमुना होय. त्यात एकच नोंद राहते. खेळणारे तिला सरळ ‘सेव्ह’ म्हणतात. दुसऱ्याने नवी कथा सुरू करून ती राखायची ठरवली, तर पहिल्याची कथा जावी लागते.

कॅसेटच्या पोटात दोन प्रकारची स्मृती असते. खेळाची मूळ संहिता कायमस्वरूपी चिपमध्ये कोरलेली असून ती सुमारे १ मेगाबाइटची आहे. खेळणाऱ्याची नोंद मात्र ३२ किलोबाइटच्या दुसऱ्या चिपमध्ये राहते आणि ती टिकून राहावी म्हणून नाण्याच्या आकाराचा एक लिथियम सेल तिला सतत अत्यल्प वीज पुरवत असतो. पेन्सिल सेल यंत्र चालवतात. हा छोटा सेल केवळ आठवण राखतो. तो संपला की नोंद कोणताही इशारा न देता नाहीशी होते, पण मूळ संहितेला धक्का लागत नाही. म्हणजे या वस्तूत पुसला जातो तो नेहमी वाचकच.

‘पुढे चालू’ हा पर्याय निवडला की एक छोटी चौकट उमटते. तीत चारच गोष्टी असतात : खेळणाऱ्याचे नाव, मिळालेले बिल्ले, पकडलेल्या प्राण्यांची संख्या आणि खेळण्यात गेलेला वेळ. जुन्या मराठी पोथीच्या अखेरीस लेखनिक आपले नाव, शक, तिथी व स्थळ लिहून ठेवी, त्या पुष्पिकेची ही चौकट आठवण करून देते. कथेत काय घडले याबद्दल दोन्ही मौन पाळतात. या संहितेतून कोण, कुठवर आणि किती श्रमाने गेला एवढेच त्या सांगतात.

३

आता पुनरारंभाच्या क्रियेकडे वळू. या खेळाचा एक विशेष प्रथम लक्षात घेतला पाहिजे. झुंजीत सर्व प्राणी हरले तरी खेळ संपत नाही. खेळणारा जवळचे अर्धे पैसे गमावतो आणि शुश्रूषा केंद्रात परत येतो. त्याने आजवर मिळवलेले बिल्ले व प्राणी त्याच्यापाशीच राहतात. आपल्याकडील मोक्षपटात, ज्याचे जनकत्व परंपरा ज्ञानेश्वरांकडे देते, साप सोंगटीला खाली आणतो पण पटाबाहेर फेकत नाही. त्याच जातीची ही घसरण आहे. म्हणून ‘रेड’मध्ये पहिल्यापासून सुरुवात करण्याची वेळ कोणावरही येत नाही. जो पुन्हा आरंभ करतो तो स्वेच्छेने करतो. ब्रिक गेममधील सक्तीचा पुनरारंभ आणि हा ऐच्छिक पुनरारंभ यांत मूलभूत फरक आहे.

एडवर्ड सैद यांनी ‘बिगिनिंग्ज’ (१९७५) या ग्रंथात उगम आणि आरंभ यांत भेद केला आहे. उगम हा दिलेला असतो, दैवी वा पौराणिक असतो. आरंभ हा माणसाने हेतुपूर्वक केलेला, ऐहिक असतो. मराठी भाषेने हा भेद आपल्या पद्धतीने केव्हाच केला आहे. पहिल्या आरंभाला आपण ‘श्रीगणेशा’ म्हणतो. खंडानंतरच्या आरंभासाठी ‘पुनश्च हरिः ओम्’ हा शब्दप्रयोग आहे, आणि कारावासानंतर टिळकांनी १८९९ साली ‘केसरी’त त्याच शीर्षकाचा अग्रलेख लिहिल्यापासून त्याला सार्वजनिक जीवनात विशेष अर्थ प्राप्त झाला. ‘पुनश्च’ या शब्दातच आधीचे काही होते याची कबुली आहे. यंत्राच्या पडद्यावरील दोन पर्याय या दोन प्रयोगांशी ताडून पाहता एक अडचण जाणवते. ‘पुढे चालू’ हा ‘पुनश्च हरिः ओम्’ खरा. पण जुन्या खेळात घेतलेला ‘नवा खेळ’ हा श्रीगणेशा कोणाचा? यंत्राच्या दृष्टीने तो पहिलाच. ज्याने तो खेळ पूर्वी खेळला आहे त्याच्या दृष्टीने मात्र तो पहिला नसतो. त्याला गुहेतील वाटा ठाऊक असतात, कोणत्या गवतात कोणता प्राणी आहे हे ठाऊक असते, प्रतिस्पर्धी कोठे आडवा येणार हेही ठाऊक असते. यंत्र विसरलेले आणि खेळणारा जाणता, अशा विषम स्थितीत हा आरंभ घडतो.

अशा जाणत्या आरंभाची आपल्या परंपरेला ओळख आहे. कीर्तनातील हरिश्चंद्राचे आख्यान श्रोत्यांना आधीच पाठ असते, तरीही बुवा ते पहिल्यापासून सांगतात. सप्ताहाचे पारायण संपवून पुढल्या वर्षी पुन्हा पहिल्या अध्यायाला हात घालणारा वाचक कथेतील नवलासाठी तेथे येत नाही; त्याने नेम घेतलेला असतो. जुन्या खेळात परतणारे प्रौढही बहुधा असाच एखादा नेम घेऊन परततात. २०१० साली निक फ्रँको या अमेरिकन तरुणाच्या चित्रकथेतून ‘नझलॉक’ नावाचे नियम प्रचारात आले. प्रत्येक प्रदेशात भेटलेला पहिलाच प्राणी पकडायचा आणि जो प्राणी झुंजीत मूर्च्छित पडेल तो मेला असे मानून कायमचा सोडून द्यायचा. हे नियम यंत्रात कोठेही नाहीत. ते खेळणाऱ्याने स्वतःवर घालून घेतलेले व्रत आहे. मूळ संहिता तीच राहते, पण जिथे कोणी मरत नव्हते तिथे आता मरण येते. पारायण आणि पुनर्लेखन यांच्या मधली ही जागा आहे.

तथापि कीर्तन, पारायण आणि हा पुनरारंभ यांत एक फरक उरतोच. यंदाच्या पारायणाने गेल्या वर्षीचे पारायण पुसले जात नाही. पुस्तक दुसऱ्यांदा वाचताना पहिल्या वाचनाच्या समासातील पेन्सिलच्या खुणा तशाच राहतात, किंबहुना दुसरे वाचन त्यांच्याशी बोलत पुढे जाते. एस्पेन आर्सेथ यांनी ‘सायबरटेक्स्ट’ (१९९७) मध्ये अशा संहितांचा विचार केला आहे, ज्यांच्यातून वाट काढण्यासाठी वाचकाला प्रत्यक्ष श्रम करावे लागतात. एकस्मृती खेळात या श्रमांचे फळ संहितेच्या पोटातच साठते, आणि म्हणूनच ते दुसऱ्याच्या आरंभाआड येते. आपल्याकडील धूळपाटी हे त्याचे जुने प्रतिरूप. नवे अक्षर गिरवायचे तर धूळ सारखी करावीच लागे. मात्र धूळपाटीवरचे अक्षर पुसताना मुलाला हळहळ वाटत नसे, कारण ते पुसण्यासाठीच लिहिलेले असे. साठ तासांची नोंद पुसण्यासाठी लिहिलेली नसते.

४

या ठिकाणी यंत्राची एक बारीक लकब महत्त्वाची ठरते. ‘नवा खेळ’ निवडल्याबरोबर जुनी नोंद जात नाही. नवी कथा यंत्राच्या तात्पुरत्या स्मृतीत चालू होते आणि जुनी नोंद कॅसेटमध्ये जशीच्या तशी राहते. नवा खेळणारा आपली कथा राखायला जातो तेव्हाच पडद्यावर प्रश्न उमटतो : जुनी नोंद पुसली जाईल, चालेल ना? तोवर, मग ती दहा मिनिटे असोत की चार तास, दोन्ही कथा एकाच वस्तूत एकत्र नांदत असतात. पुसण्याचा क्षण आरंभाच्या वेळी येत नाही; नवी कथा आपल्याला राखण्याजोगी वाटली, की मग तो येतो. साहित्याच्या इतिहासातही नव्या प्रवाहाने जुन्याला बाजूस सारले असे आपण म्हणतो, तेव्हा आरंभाचा आणि प्रस्थापित होण्याचा क्षण एकच मानण्याची चूक आपल्या हातून पुष्कळदा होते.

दुसरी गोष्ट याहून अधिक विचारणीय आहे. ‘रेड’ आणि ‘ब्लू’ या आवृत्त्यांत काही प्राणी एकीत आहेत तर काही दुसरीत. सगळे १५१ गोळा करायचे तर दोन यंत्रे तारेने जोडून देवघेव करणे भागच पडते. असा दिलेला प्राणी दुसऱ्याच्या कॅसेटमध्ये जातो तेव्हा त्याच्यासोबत त्याच्या मूळ पाळणाऱ्याचे नाव आणि क्रमांकही जातो. नवा मालक ते बदलू शकत नाही. इतकेच नव्हे, तर प्राणी बराच वाढलेला असेल आणि नव्या मालकापाशी पुरेसे बिल्ले नसतील, तर तो त्याची आज्ञाही पाळत नाही. म्हणून एखाद्याने स्वतःची नोंद पुसून नवा खेळ मांडला तरी त्याने पूर्वी मित्राला दिलेला प्राणी त्याचे जुने नाव वागवत दुसऱ्या घरी राहतोच.

मराठी वाचकाला येथे अभंगाची नाममुद्रा आठवल्यावाचून राहणार नाही. तुकोबांची गाथा इंद्रायणीत बुडवली गेली आणि तेरा दिवसांनी वर आली, अशी कथा परंपरा सांगते. वह्या बुडाल्या तरी अभंग लोकांच्या मुखी होते, ते बुडणे शक्य नव्हते, असा तिचा अर्थ अनेकांनी लावला आहे. मुखोमुख फिरणाऱ्या अभंगाची सही म्हणजे त्याच्या अखेरची मुद्रा. दुसऱ्याच्या कंठात गेला तरी तो मूळ नावानेच ओळखला जातो. लीळाचरित्राचे उदाहरण याहूनही बोलके आहे. महानुभाव परंपरेनुसार म्हाइंभटांनी सिद्ध केलेली मूळ प्रत चौदाव्या शतकाच्या आरंभीच्या धामधुमीत नाहीशी झाली आणि नंतर अनुयायांनी आपापल्या स्मरणातून ती पुन्हा उभी केली. त्यातून वेगवेगळे पाठ निर्माण झाले. आज आपण ज्याला पाठभेद म्हणतो, तो या दृष्टीने पाहता नष्ट झालेल्या एका प्रतीने अनेकांना आधीच दिलेल्या गोष्टींचा हिशेब आहे.

यावरून असे म्हणता येईल, की एकस्मृती संहितेत पुनरारंभ हा पुनर्वाचनाचा प्रकार नसून संक्रमणाचा प्रश्न आहे. जुने वाचन दोनच ठिकाणी उरते : ज्याने ते केले त्याच्या स्मरणात, आणि त्याने इतरांना जे देऊन ठेवले त्यात. जे स्वतःपुरते राखले होते ते नव्या आरंभाबरोबर जाते. किर्केगार्द यांनी ‘पुनरावृत्ती’ (१८४३) या ग्रंथात स्मरणाची दिशा मागची आणि पुनरावृत्तीची पुढची असे सुचवले आहे. आपल्या उदाहरणात या दोन दिशा एकाच व्यक्तीत येत नाहीत. मागे पाहणारी आई आणि पुढे जाणारी मुलगी, अशा त्या दोघींत वाटल्या जातात.

कोणी म्हणेल, आज जुन्या कॅसेटमधील नोंद संगणकावर उतरवून घेणारी साधने मिळतात, मग पुसण्याचा प्रश्नच कोठे येतो? आक्षेप रास्त आहे, आणि संग्रहालयांनी अशी कामे अवश्य करावीत. खेळाची मूळ संहिता जगात लक्षावधी प्रतींत उपलब्ध आहे. दुर्मीळ आहेत त्या खेळणाऱ्यांच्या नोंदी. पोथ्यांच्या संग्रहात आपण समासातील टिपा व पुष्पिका मोलाच्या मानतो, मग खेळांच्या संग्रहात कोऱ्या कॅसेटलाच मान का असावा? परंतु संगणकावर उतरवलेली नोंद दप्तरात जाते. ती कोणाच्या आड येत नाही, आणि म्हणून तिच्याविषयी कोणाला काही ठरवावेही लागत नाही. लेखिकेच्या घरी त्या संध्याकाळी असे साधन नव्हते. ठरवणे भाग होते.

५

नातीने दुपारभर नवा खेळ खेळला. खोलीतून खाली उतरली, गावाबाहेरच्या गवतात पाऊल टाकताच प्राध्यापकांनी तिला अडवले, तीन प्राण्यांपैकी एक तिने निवडला आणि प्रतिस्पर्ध्याशी पहिली झुंज जिंकली. अंधार पडू लागला तेव्हा यंत्र हातात धरून ती आली. “आजी, हे आईचं सगळं पुसेल म्हणतंय. हो म्हणू?”

मुलीला फोन लावला. लेखिकेची अपेक्षा होती की ती थांब म्हणेल. निदान काही क्षण विचारात पडेल. ती म्हणाली, “पुसू दे गं आई. मला ते सगळं पाठ आहे. दहावीच्या वर्षी अर्धवट सोडला होता, पुढे कधी हातच लावला नाही.” मग थोडे थांबून म्हणाली, “आणि माझं कासव पुण्याला आहे ना.” शाळेत असताना तिने आपला सर्वांत आधी निवडलेला, कासवासारखा प्राणी एका मैत्रिणीला देवघेवीत दिला होता. त्या मैत्रिणीच्या कॅसेटमधला सेल आजवर टिकला असेल, तर तो प्राणी अद्याप मुलीचेच नाव लावून तेथे आहे.

या उत्तराने लेखिकेची एक समजूत दुरुस्त झाली. नोंद जपण्याची आस खेळणाऱ्याची नव्हती. ती बाहेरून पाहणाऱ्याची होती. मुलीला त्या ३२ किलोबाइटची गरज नव्हती, कारण तिची कथा तिच्यापाशी होती आणि तिचा एक अंश दुसऱ्याकडे सुरक्षित होता. गरज लेखिकेला होती. ती साठ तास ज्या खोलीत खेळली, त्याच खोलीच्या दाराशी उभे राहून लेखिका तिला अभ्यासाला बस म्हणत असे. तो खेळ काय आहे हे तिने एकदाही विचारले नव्हते. पोथी हाती येण्यापूर्वीच ती गहाळ झाल्याची हळहळ संशोधकाला पुष्कळदा वाटते. येथे पोथी घरातच होती, वाचणारीही समोरच होती, आणि विचारण्याचा काळ निघून गेला होता.

तेव्हा एवढेच केले. नातीला यंत्र बंद करू दिले नाही, कारण बंद केले असते तर तिची दुपार गेली असती. तिने ‘नाही’ म्हणून प्रश्न मागे घेतला. दुपारी खेळ सुरू करण्यापूर्वी पाहिलेली ती छोटी चौकट आजी आणि नात यांनी मिळून आठवली आणि वहीत तारीख व स्थळ घालून उतरवून काढली : मुलीचे घरातले नाव, सात बिल्ले, पकडलेले प्राणी ९८, वेळ ६१ तास १२ मिनिटे, मुक्काम कस्तुरबा गांधी मार्ग, नवी दिल्ली. प्राण्यांच्या आकड्याबद्दल आम्हां दोघींत मतभेद झाला. नातीच्या मते ते ८९ होते. दोन्ही आकडे लिहून ठेवले आहेत.

मग नातीने ‘हो’ म्हटले, आणि तिची नोंद राखली गेली.